पिल्लं निघेपर्यंत

धुरपदाबाईने रॉकेलचा बोळा वेलाजवळ नेला, तेवढ्यात लेकीने, छायाने, तिचं मनगट धरलं.

"नको मारू हिले. अंडास्वर बठेल शे."

सुरतेतल्या बमरोलीच्या खोलीमागे, रंगाच्या जुन्या पिंपात धुरपदाबाईने माहेरच्या रताळ्याचा वेल लावला होता. एका पानाच्या पाठीला जाड मांड्यांचा तपकिरी किडा बसला होता. पोटाखाली अंड्यांचा थर. हा ढेकणासारखा घाण वासाचा किडा रस शोषून वेल वाळवतो, एवढं तिला ठाऊक होतं. आठ वर्षांच्या छायाला जास्त ठाऊक होतं. आजीच्या शेतात तिने पाहिलं होतं, मादी अंडी सोडून हलत नाही. मुंगी आली की वर पसरते, बोट नेलं तर मागून चिळकांडी मारते.

प्लेगच्या साली सुरत रिकामी होत होती, तेव्हा छायाला महिन्याभरासाठी म्हणून अमळनेरकडे आजीपाशी धाडलं होतं. मग नवरा म्हणाला, खोली लहान आहे. आजी म्हणाली, पोर शाळेत रमलीय. महिन्याची तीन वर्षं झाली. आता छाया आजीला 'माय' म्हणे आणि धुरपदाबाईला काहीच म्हणत नसे. दिवाळीला आली तीही पाहुण्यासारखी. चार दिवसांनी लोटूमामा न्यायला येणार होता.

"पिल्लं निंघेपावत थांबू का मी?" तिने विचारलं.

धुरपदाबाईने बोळा टाकून दिला आणि भावाला निरोप धाडला, घाई करू नकोस.

मग रोज सकाळी दोघी पिंपाशी उकिडव्या बसत. छाया हळूहळू बोलू लागली, शेळीचं, शाळेतल्या भांडणाचं. वेणी घालून घेऊ लागली. उन्हाने अंडी लवकर उबतील या धास्तीने धुरपदाबाईने वर जुनी साडी बांधली. छायाला म्हणाली, मादीला ऊन लागतं.

चौदाव्या दिवशी पिल्लं निघालीच. मादी त्यांच्याभोवतीच घुटमळत राहिली. छायाने डोळे भरून पाहिलं आणि आत जाऊन स्वतःची पिशवी भरली.

भुसावळ पॅसेंजरच्या खिडकीतून तिने विचारलं, मायला काय सांगू?

पोर परत धाड, एवढेच शब्द धुरपदाबाई वाटभर घोळवत आली होती.

"सांगजो," ती म्हणाली, "पोर भलती चांगली वाढाई तिनी."

पोरीशेजारी बसलेल्या लोटूने बहिणीकडे पाहिलं नाही. गाडी हलली. पोरीने खिडकीबाहेर वाकून बघू नये म्हणून धुरपदाबाई फलाटावरच्या खांबाआड झाली.