अध्यक्ष आले, राक्षस पळाला

रामप्रसादचा हिशेब सरळ होता: आजचा सिनेमा रंगला, तर टेंभुर्णीच्या जत्रेचा माईक आपला. माईक हातात म्हणजे कुस्तीच्या फडात कोणाचं नाव आधी पुकारायचं, ते आपल्या जिभेवर. मग वर्षभर लोक बोलावून चहा पाजणार. आजवर तो मान बद्रीनाथचा. जत्रा कमिटीचे अध्यक्ष आदिनाथराव सिनेमाला येणार होते, आणि बद्रीनाथ पहिल्या रांगेत पाय पसरून बसला होता, हा कुठं घसरतो ते बघायला.

सिनेमा जपानचा, शंभर वर्षांपूर्वीचा, मुका. तृप्ती मॅडमनी शाळेच्या हॉलमध्ये पडदा लावला होता. "तिकडं पडद्याशेजारी माणूस उभा राहून गोष्ट सांगायचा," त्या म्हणाल्या. "आज ते काम तुमचं. पण लग्नात बोलता तसं नको हं, रामप्रसादभाऊ."

"बिलकुल न्हाई, मॅडम. बेफिकीर राहा."

सुरुवात झकास झाली. एका शूर सरदारानं राक्षसाचा हात तोडून पेटीत ठेवला. राक्षस म्हाताऱ्या मावशीचं सोंग घेऊन तो परत न्यायला आला. "बाळा, एकदा दाखव की रे तो हात," रामप्रसाद असा कळवळला, की मागून चांगुणाबाई ओरडली, "दाखवू नको रे मुडद्या! मावशी न्हाई ती!"

सरदारानं पेटी उघडली. तेवढ्यात हॉलच्या दारात फेटा दिसला. पाहुणा मंडपात शिरला की नाव पुकारायचं, ही रामप्रसादच्या जिभेची जुनी खोड. ती त्याला विचारून थोडीच चालते!

"आपल्या सर्वांचे लाडके आदिनाथराव यांचं आगमन झालेलं आहे! सहर्ष स्वागत!"

आणि पडद्यावर सोंग फेकून राक्षस उभा राहिला. शिंगं, सुळे, बटाट्याएवढे डोळे.

हॉलभर हशा पिकला. सगळ्यात मोठा आवाज बद्रीनाथचा, मांडीवर थापा मारत. आदिनाथराव दारातच थिजले.

दुसरा असता तर त्यानं माईक टाकून भोकरदनची एसटी धरली असती. रामप्रसादनं पडद्याकडं पाहिलं. तुटका हात उचलून राक्षस आढ्याकडं झेपावत होता.

"बघा, बघा! साहेबांचं पाऊल आत पडलं अन् राक्षसाची कशी तारांबळ! दार सोडून छप्पर फोडून पळून राह्यला! होऊन जाऊ द्या टाळ्या, साहेबांसाठी!"

टाळ्या कडाडल्या. आदिनाथरावांनी फेटा सावरला, ऐटीत पुढं येऊन खुर्चीत बसले आणि शेजारी वळले. "बद्रीनाथ, लई हसू आल्तं का रे?"

"न्हाई साहेब, मी तं सिनेमाला हसलो."

"मंग औंदा जत्रेत निवांत बसून हस. बोलायचं रामप्रसाद बघून घेईल."

माईक रामप्रसादला, टाळ्या आदिनाथरावांना, हात राक्षसाला. हसलं अख्खं गाव. दंड भरला एकट्या बद्रीनाथनं.