साहेब हलले

"हललो तर चेहरा पुसट येतो, एवढंही कळत नाही का तुला, कार्ट्या?"

आमच्या ओहायोतून अमेरिकी संसदेच्या, म्हणजे काँग्रेसच्या निवडणुकीला उभे राहिलेले अँब्रोज स्टिलवेल साहेब स्वतःच्या घराच्या ओसरीवर खांबासारखे उभे. एक हात कोटात, नजर छपराकडे. आयुष्यभर सगळे फोटो असेच काढलेले ना!

"फोटो नाहीये हा, साहेब! हलतं चित्र आहे. हला!"

"उमेदवार माकडासारखा नाचत नसतो."

मी कॅमेऱ्याचं हँडल फिरवतोय, फिल्म फुकट चाललीय, आणि हा बाबा पापणीसुद्धा लववेना. थिएटरवाल्या ह्रुस्का मालकांनी आधीच बजावलेलं, शनिवारी लोकांना फिल्म आवडली तर कॅमेरा तुझ्याकडे, नाहीतर परत काचेच्या भट्टीवर. शाळा सोडून मी तिथेच रात्रपाळीला भाजत होतो. परत जायचं नाही म्हणजे नाही! डोकंच सटकलं माझं.

"त्यापेक्षा चौकातला पुतळा उभा करा की निवडणुकीला! तो निदान कबुतरांना तरी बसू देतो."

झालं. साहेब लालबुंद. टोपी भिरकावली, धाडधाड पायऱ्या उतरले, मूठ नाचवत सरळ माझ्या अंगावर. "थांब, चामडीच सोलतो तुझी!"

मी पळालो नाही. हँडल फिरवत राहिलो.

शनिवारी संध्याकाळी थिएटरात सगळे भट्टीवालेच. पडद्याला आवाज कुठला? नुसते साहेब येतायत, मूठ उगारतायत, तोंडाचा पट्टा चाललाय.

"भट्टीच्या मालकाला झाडतोय रे!" मागून कुणीतरी ओरडलं.

"हाण त्याला! पोरांची रात्रपाळी बंद कर म्हणावं!"

शिट्ट्या, टाळ्या. फिल्म परत लावायला लावली.

साहेब माझ्या शेजारीच बसलेले. हळूच म्हणाले, "लेफ, मी तर तुलाच शिव्या देत होतो रे."

"मग आता त्या भट्टीच्या मालकाला द्या. लोक ऐकायला बसलेत."

साहेबांनी मागच्या लोकांकडे वळून पाहिलं. मग उठले, पडद्यासमोर गेले. "रात्रपाळीला पोरं नकोत," म्हणाले, "हे मी वॉशिंग्टनला जाऊन मांडणार." दोन्ही हात कोटाबाहेर, हवेत. लोक उभेच राहिले.

ह्रुस्का मालकांनी कॅमेरा माझ्या खांद्यावर ठेवला.

साहेब आता गावोगाव चाललेत, मलाही बोलावलंय. "चल," म्हणाले, "फक्त कबुतरांचं नाव काढू नकोस."

गाडीची शिट्टी झाली. निघतो मी, जायलाच हवं.