सागाचा वास

"माझ्या पोरीच्या घराचं दार तू निवडायचंस. डोळ्यांनी नाही, नाकानं. रंग फासला की कुठलंही लाकूड साग म्हणून मिरवतं."

थोरल्या भावानं जाताना एवढंच मागितलं होतं, आणि धाकट्यानं त्याचा हात हातात घेऊन हो म्हटलं होतं. धाकट्याचा जन्म लाकडाच्या वखारीत गेला होता. पटाशीनं फळीचा टवका काढायचा, नाकाशी धरायचा आणि सांगायचं, साग की सागाचा तोतया. चूक कधी झाली नाही. वखारीत सगळे त्यांना 'नाकवाले काका' म्हणत.

आता पुतणीचं घर उभं राहिलं होतं, दाराची तेवढी जागा रिकामी होती. आणि काकांना गेल्या तापापासून कसलाच वास येत नव्हता. हे त्यांनी देवालाही सांगितलं नव्हतं.

सकाळीच पुतणी आली. "काका, आज तरी वखारीत चला. पडदा लावून किती दिवस राहू? शेजारचं मांजर माझ्याआधी घरात असतं."

"आज पाठ धरलीय गं."

"परवा गुडघा होता."

"वय झालं की आळीपाळीनं धरतं एकेक."

ती हसली नाही. "जड होत असेल तर सांगा काका. बाबा गेले, आता हट्ट कुणापाशी करणार?" एवढं बोलून ती गेली. काका पाठमोऱ्या पोरीकडे बघत राहिले.

काकू परसातून कपडे वाळत घालून आत आल्या, तर शेगडीवर दूध करपलेलं, घरभर जळका वास, आणि हातभर अंतरावर काका खुशाल बसलेले! काकूंनी शेगडी बंद केली. मग लसणाची पाकळी चेचली.

"डोळे मिटा. हे काय आहे?"

"साबण," काका चाचरत म्हणाले.

"कधीपासून हे?"

"तापापासून."

"आणि रोज ताटावर बसून 'वा, काय घमघमाट' म्हणता ते?"

"ते आपलं... तुला बरं वाटावं म्हणून."

काकूंना रागवायचं होतं, पण ओठ ऐकेनात. काका मात्र हसले नाहीत. "अगं, अंदाजानं फळी निवडली आणि तोतया निघाली तर? खरं सांगावं, तर पोर म्हणेल, राहू द्या काका. म्हणजे शब्द गेलाच."

"इतकी वर्षं तुमचे सदरे कुणी धुतले? जुन्या चामड्यासारखा, तेलकट तो सागाचा वास. तुमच्या आधी तो घरात यायचा. आणा बघू टवके."

काकांनी नमुन्यांच्या खोक्यातले टवके आणले. काकूंनी डोळे मिटले.

"हा साग. हा नाही. हा साग, पण मघाचाच परत दिलात. लबाड कुठले!"

काकांचा चेहरा कितीतरी दिवसांनी उजळला. "पण माझ्या नाकाचा शब्द होता गं."

"फळीची शीर, गाठ, चीर तुम्हीच बघायची. वासाचं मी बघते. पण पोरीला आधी सगळं खरं सांगायचं. ज्या दारातून ती रोज ये-जा करणार, ते लपवाछपवीनं नको."

काकांनी मान हलवली. पटाशीला धार आहे ना, अंगठ्यानं बघितलं, रुमालात गुंडाळली. काकूंनी चपला पायात सरकवल्या. दोघं पुतणीच्या घराकडे चालू लागली.