लोहाराच्या मुठीतली थोरली शीर

हे अख्खं गाव मी चालवतो! म्हणजे चालतं ते गावच. मी आपला त्याच्या पायांखाली पडून असतो. पण पडल्या पडल्या बढाई मारायला काय जातंय?

मी गावाखालचं तेजाचं जाळं बोलतोय. डोंगराच्या पोटात निळं तेज उकळत होतं. जुन्या मांत्रिकांनी ते मंत्र घालून खडकातून खाली उतरवलं आणि मुळांसारख्या माझ्या शिरा घरोघरी पसरल्या. प्रत्येक भिंतीतून माझी एक खुंटी डोकावते. तिला तळहात लावला की चूल पेटते, दिवा लागतो, खोली ऊबदार होते. शिक्षण म्हणाल तर शाळेखालून माझा एक फाटा जातो, त्यामुळे तेरापर्यंतचे पाढे येतात. चौदाच्या पाढ्याला मास्तरच अडखळतात, त्याला मी काय करू?

एक खोड मात्र माझ्यात जन्मापासूनची. हात लावणाऱ्याच्या मनात जे असेल ते तेजाबरोबर वाहतं. म्हणून पोरांना आधी हेच शिकवतात, रागात खुंटीला हात लावायचा नाही. मला मात्र चेष्टेची भारी हौस. इकडे नव्या नवरीला हसू फुटलं की मी ते कारभाऱ्याच्या खुंटीत सोडायचो. भर सभेत तो खिदळायचा आणि मग तासभर खोकल्याचं सोंग करायचा.

याच कारभाऱ्याने आपली ढेरी शेकायला गावात न्हाणीघर बांधलं आणि तिथे गरम वाफ हवी म्हणून लोहाराच्या खालच्या आळीचा फाटा अर्धा मिटवला. ऐन थंडीत. लोहाराची बायको छातीच्या दुखण्याने अंथरुणाला खिळलेली. लोहार गेला कारभाऱ्याच्या दारात.

"थंडी काय तुझ्या एकट्याच्याच घरी आली का रे? दोन पांघरुणं जास्त घाल तिच्यावर," कारभारी म्हणाला.

एका सकाळी ती उठलीच नाही.

तिला मातीआड करून लोहार घरी आला, पहारीने भट्टीजवळची फरशी उखडली आणि खालची थोरली शीर उघड्या मुठीत आवळली. ही सगळ्या फाट्यांची आई. तिला हात लावायची छाती फक्त सांधेवालीची, म्हणजे माझ्या तुटक्या शिरा सांधणाऱ्या लोहाराच्या मोठ्या बहिणीची. आणि तीसुद्धा जाड हातमोजे घालून.

त्याचा राग माझ्यातून एकदम घरोघरच्या खुंट्यांवाटे गावभर उसळला. मग काय धमाल उडाली म्हणता! न्हाव्याने साबण लावलेल्या गिऱ्हाइकाचा कान उडवला. गिऱ्हाइकाने कान उचलायच्या आधी न्हाव्याचं नाक फोडलं. मास्तरांनी शिपायाच्या टाळक्यात घंटा हाणली. "शाळा सुटली," म्हणत शिपाई आडवा झाला. जावांनी एकमेकींवर उकळतं पाणी फेकलं. न्हाणीघरात कारभाऱ्याला त्याच्याच मेव्हण्याने हौदात बुडवून धरलं. तो वर आला तो पालथाच.

मी खो खो हसत होतो. तेवढ्यात पिठवाल्याने गिरणीच्या दांड्याने सख्ख्या भावाचं डोकं फोडलं आणि फरशीच्या फटीतून रक्त माझ्यावर ठिबकू लागलं. कोमट असतं ते. माझं हसू घशात अडकलं. मला घसा नाही, तरीही.

राग कुठून येतोय ते लोकांना उमगलं. कोयते, घण, मुसळं घेऊन झुंड लोहाराच्या दारावर आदळली. "मुंडकं छाटा त्याचं!"

सांधेवाली मागच्या दाराने आत घुसली. हातात कुऱ्हाड होती, हातमोजे घालायचं भान नव्हतं.

"सोड ती शीर, मेल्या!"

"सुटत नाही, ताई." बोटं शिरेला चिकटली होती, मांस करपत होतं. "माझा हात तोड."

"गप बस. हात तोडला तर जन्मभर मला ऐकवत बसशील."

दाराची एक फळी निखळली. घाव कुठे घालायचा ते चाचपायला तिने उघडा तळहात माझ्यावर ठेवला, तशी मी संधी साधली. "अगं बाई, मला इथे तोडलंस तर इथून पुढची सगळी खालची आळी गारठून मरेल!"

"ठाऊक आहे," ती म्हणाली आणि कुऱ्हाड घातली.

निळा भडका उडाला. दार उखडून झुंडीवर कोसळलं, पुढच्या दोघांच्या छातीत फळ्या घुसल्या. लोहार भिंतीवर आपटला. तळव्याची कातडी माझ्याकडेच राहिली, पण माणूस वाचला. बाकीचे कोयते धरून उभे, इथे कशाला आलो ते विसरल्यासारखे. मग एकाने आपल्या कोयत्यावरचं रक्त पाहिलं आणि त्याने हंबरडा फोडला.

आता माझं तुटलेलं टोक भट्टीशेजारी काळं पडलंय. खालच्या आळीत लोक एकाच खोलीत दाटीवाटीने झोपतात. लोहार हाताला फडकं गुंडाळून उंबऱ्यात बसतो.

काल सांधेवालीने टोक चाचपून पाहिलं. मी लाडीगोडी लावली. "सांध की गं बाई. झालं गेलं. मी काय, नुसता निरोप्या. एकाचं दुसऱ्याला पोचवायचं, एवढंच माझं काम."

तिने हात काढला नाही.

"हिवाळाभर माझा भाऊ खुंटीला हात लावून विनवत होता, कुणीतरी थोडी ऊब द्या म्हणून. ते कुणाच्या घरी पोचवलंस रे?"