सातव्यांदा केलेली प्रार्थना

सिनेमा ही आपली साधना आहे, असं तो दिग्दर्शक येता-जाता सांगायचा. कॅमेऱ्याला नमस्कार केल्याशिवाय काम सुरू करायचा नाही. शूटिंगच्या वेळी कुणी फिदीफिदी हसलेलं त्याला खपायचं नाही. युनिटमधले लोक पाठीमागे त्याला 'महाराज' म्हणायचे.

त्याचा नवा माहितीपट प्रार्थनेवर होता, आणि त्यासाठी त्यानं स्वतःच्या आत्यालाच निवडलं. आईवडिलांच्या माघारी तिनंच कपडे शिवून त्याला वाढवलं होतं. रोज सकाळी मशीनवर बसण्याआधी ती खिडकीपाशी स्टुलावर टेकून दहा मिनिटं डोळे मिटायची. त्यात कधी खाडा नाही. काय मागते, कुणी विचारलं तर नुसती हसायची.

पहिल्या टेकला ती बसली आणि खोलीतल्या पाच माणसांना विसरूनच गेली. चेहरा सैल पडला, ओठ हलले. कॅमेरामनसुद्धा श्वास रोखून उभा राहिला. नेमकी खाली कुणीतरी स्कूटर सुरू केली.

"आत्या, पुन्हा एकदा," दिग्दर्शक म्हणाला.

तिला आधी कळलंच नाही. झाली की आता, असं ती म्हणाली. पण भाच्याचा शब्द मोडायचा तिचा स्वभाव नव्हता. पुढे कधी ऊन सरकलं, कधी चष्म्याची काच चमकली. पाचव्या वेळी त्यानं तिला हनुवटी जरा वर धरायला सांगितली. पहिलाच टेक घेऊ, आवाज नंतर साफ करता येईल, असं कॅमेरामननं हळूच सुचवून पाहिलं. पण महाराजांचं समाधान होईना. सातव्या वेळी त्यानं आपल्या हातांनी तिच्या डोळ्यांखाली ग्लिसरीन लावलं. तिनं लहान मुलीसारखी मान वर केली. तो टेक पास झाला.

माहितीपटाच्या पहिल्याच खेळाला लोकांनी डोळे पुसले. इतकी निखळ प्रार्थना पडद्यावर कधी पाहिली नव्हती, असं कुणीतरी उठून म्हणालं. त्यानं मान झुकवून हात जोडले. पुढच्याच रांगेत आत्या बसली होती. तिच्याकडे बघायचं मात्र त्यानं टाळलं.

आठवड्यानं तो सकाळीच तिच्याकडे गेला, तर ती मशीनवर बसलेली. आज लवकर आटोपलं वाटतं, असं त्यानं विचारलं. तिनं सुईत दोरा ओवायचं थांबवलं.

"बसतच नाही रे हल्ली," ती म्हणाली. "डोळे मिटले की हनुवटी आपोआप वर जाते. मग वाटतं, मी कुणाला दाखवतेय?"

आवाजात राग नव्हता. असता तर बरं झालं असतं. तो कानकोंडा होऊन उभा राहिला. मग आपण तो प्रसंगच काढून टाकतो, असं कसंबसं म्हणाला. ती म्हणाली, नको, तू एवढी मेहनत घेतलीयस. ते ऐकून तो अजूनच खजील झाला.

त्यानं प्रसंग काढलाच. निर्माता तणतणला, उरलेला माहितीपट लंगडा झाला, नंतर फारसा कुणी दाखवलाही नाही. कारण विचारलं की तो विषय बदलायचा.

त्यानंतर एकदा आत्यानं दुसरं स्टूल ओढलं आणि त्याला शेजारी बसवलं. दोघांनी डोळे मिटले. तिच्या नावानं काहीतरी मागावं म्हणून तो शब्द शोधू लागला. एकही शब्द स्वतःचा वाटेना. इतकी वर्षं साधना साधना करत होतो, आणि प्रार्थनेला कधी बसलोच नव्हतो, हे त्याला तिथं कळलं.

"जमत नाही गं," तो पुटपुटला.

"मलाही अजून नाही," आत्या म्हणाली. "बस तसाच."