खोलीचा आवाज

मधुसूदनने पंखा बंद केला, भिंतीवरचं घड्याळ उतरवून स्वयंपाकघरात नेऊन ठेवलं आणि घाम पुसत पुन्हा कॅमेऱ्यामागे उभा राहिला. बंदिशी रचणाऱ्यांवर माहितीपट काढता काढता त्याची हयात गेली होती. लोक म्हणत, काय भाग्य तुमचं! भाग्य कसलं, कंबर कामातून गेली होती. झाशीचा हा माहितीपट शेवटचा, असं तो घरी सांगून आला होता.

नीलकंठराव रेल्वेत गार्ड होते. मालगाडीच्या शेवटच्या डब्यात एकटे बसून त्यांनी बंदिशी रचल्या. झाशीच्या नगरा वस्तीतल्या या घरात सकाळपासून त्यांनी एकेक गाऊन दाखवली. पण जिच्यासाठी मधुसूदन इथवर आला होता, ती बिहाग रागातली बंदिश ते काही गाईनात.

“अण्णा, एकदाच.”

“बाकी सब ले लो, भैया. ती नको. ती सरलेची आहे.”

त्यांची मुलगी वसुंधरा चहा घेऊन आली होती. ती हळूच म्हणाली, “आई गेल्यापासून बाबा ती गुणगुणतसुद्धा नाहीत. कुणाला शिकवलीही नाही.”

म्हणजे ती बंदिश त्यांच्याबरोबरच जाणार. मधुसूदनला वादही घालवेना. त्याने कॅमेरा बंद करून त्यावर फडकं टाकलं.

“आता फक्त टेप चालू आहे. खोलीचा नुसता आवाज घेऊन ठेवतो, फिल्म जोडताना लागतो. थोडा वेळ कुणी बोलू नका.”

“गप्प बसायचंही शूटिंग?” म्हणत नीलकंठराव भिंतीकडे तोंड करून बसले.

जवळच्या रेल्वे यार्डात एक इंजिन फुसफुसलं आणि थांबलं. मग नीलकंठराव गाऊ लागले. अगदी खाली, पण शब्द न् शब्द स्पष्ट. तीच बंदिश.

मधुसूदनला भरून आलं. म्हाताऱ्याला भान राहिलेलं नाही, असं त्याला वाटलं. आजवर त्याने लोकांचं रडणं, अडखळणं, सगळं बिनदिक्कत टिपलं होतं. ही चोरी मात्र त्याच्याने होईना. त्याने हात लांबवून टेप बंद केली.

अंतरा संपला. नीलकंठरावांनी मान वळवली. ते फार थकलेले दिसत होते.

“तो डोळा समोर असला की गळाच धरतो,” त्यांनी कॅमेऱ्याकडे बोट केलं. “म्हणून आत्ता म्हटली. टेपवर नीट आली ना? दुबारा नाही होणार माझ्याच्याने.”

वसुंधरा टेपच्या थांबलेल्या चाकांकडे पाहत होती.

“आली, बाबा,” ती म्हणाली. “नीट आली. चहा घ्या आता.”