हेराची वंशावळ आणि माझी

वरदाच्या शाळेने त्या टर्मला ग्रीक देव शिकवायला घेतले आणि कॉव्हेंट्रीतल्या आमच्या घराची शांतता गेली. इयर फाइव्हमधली दहा वर्षांची माझी मुलगी. तिला एका मोठ्या कागदावर झ्यूसच्या खानदानाची वंशावळ काढायची होती, मागच्या बाजूला स्वतःच्या कुटुंबाची, आणि शुक्रवारच्या असेंब्लीत दोन्ही सगळ्या पालकांसमोर समजावून सांगायच्या होत्या. ही कल्पना तिच्या टीचरची, मिसेस ह्यूजची. बाई कुठल्या कुळात हात घालतेय याची तिला कल्पना असणं शक्य नव्हतं.

मला सुरुवातीला उत्साहच होता. नात्यांच्या बाबतीत इंग्लिश ही दरिद्री भाषा आहे, असं माझं पहिल्यापासूनचं मत. बाप्ये सगळे अंकल, बाया सगळ्या आंट आणि उरलेला सगळा गाळ कझिन. म्हटलं, या निमित्ताने पोरीला चार नाती मराठीत शिकवू.

"पाताळाचा राजा हेडीस. तो पर्सेफनीचा कोण?"

"अंकल."

"अंकल नाही. झ्यूसचा भाऊ म्हणून काका. आणि तिची आई डिमीटर, तिचाही भाऊ, म्हणून मामासुद्धा."

"बोथ? आणि मग त्याने तिच्याशी लग्न केला? आई, दॅट्स सो ग्रोस!"

"लग्न केलं. आणि तेही पळवून नेऊन. वाईटच ते."

मग हेरा आली. झ्यूसची सख्खी बहीण आणि बायको. वरदाने नाक मुरडलं, मीही मुरडलं. इथपर्यंत आमचं मायलेकींचं छान जमलं होतं.

मग तिने कागद उलटा केला. एका कोपऱ्यात बाबाची आई, लीलावती आजी. दुसऱ्या कोपऱ्यात माझे वडील, मिरजेचे श्रीनिवास आजोबा. मी उत्साहाच्या भरात म्हणाले, "अगं, इतके लांब कशाला? दोघांना एकाच आईबापाखाली घे. सख्खे बहीणभाऊ ते."

तिची पेन्सिल थांबली. "वेट. म्हणजे तू आणि बाबा कझिन्स?"

"कझिन काय कझिन! आते-मामे भावंडं. मी बाबाच्या मामाची मुलगी. आपल्याकडे मामाची मुलगी करतात. चुलत-मावस भावंडांत मात्र असलं कुणी मनातही आणत नाही."

"पण तू आजीला आत्या म्हणते..."

"आत्या आहे म्हणून म्हणते!"

तिला इतकी वर्षं ते आजीचं लाडाचं नाव वाटत होतं. कागदावर मी, माझा नवरा पद्माकर आणि वरती जुळणाऱ्या दोन रेघा. ती हळूच म्हणाली, "मी ओके आहे ना आई? लाइक, मेडिकली?"

माझं डोकंच फिरलं. ती पोटात असताना क्लिनिकमधली बाई आमच्या नात्यावरून दर वेळी असंच विचारायची, चेहऱ्यावर सुतक आणून. आता तोच प्रश्न माझ्याच स्वयंपाकघरात माझीच मुलगी विचारत होती. "ठणठणीत आहेस," मी ओरडले. ठणठणीत माणसाला सांगायची ही पद्धत नव्हे, हे कळत होतं, पण आवाज खाली येईना.

पद्माकर हॉस्पिटलमधून आला, तो तिची बाजू घेऊनच. डॉक्टर ना! "सोड ना अनु. तुझ्या बाबांना दुसऱ्या फांदीवर टाकायचं. कोण मिरजेला जाऊन बघणार आहे?"

"माझे बाबा तुझे मामा आहेत, पद्माकर."

"मला माहितीये. पण वॉर्डमध्ये मीही नाही सांगत. लोक कसे बघतात, तू बघितलंयस."

"मामाच्या खांद्यावर बसून फिरायचास तेव्हा नाही लाज वाटली?"

त्याने फ्रिज उघडला आणि आत बघत उभा राहिला. वाद संपवायची ही त्याची रीत आहे. मी वरदाला सांगून टाकलं, खरं असेल तेच काढायचं. ती म्हणाली, "सगळे हसतील." मी म्हटलं, हसू देत. मग आठवडाभर तिने तो कागद मला दाखवला नाही. माझं बरोबर होतं, पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत बरोबर होतं, आणि या घरात ते कुणालाच नको होतं. याचा मला जो संताप आला तो सांगता येणार नाही.

शुक्रवारी शाळेच्या हॉलमध्ये लहान मुलांच्या बुटक्या खुर्च्यांवर आम्ही पालक अवघडून बसलो. पद्माकरला ड्यूटी होती. वरदाने क्रीटच्या गुहेत लपवलेला झ्यूस सांगितला, ऑलिंपस सांगितला. हेरा आली तसा अख्खा वर्ग "ईऽऽऽ" करून ओरडला. दोघातिघांनी ओकारी काढून दाखवली. वरदा थांबली. मग तिने कागद उलटा केला.

माझे बाबा एका फांदीवर एकटेच होते. आईबाप नाहीत, बहीण नाही, वर नुसता कोरा कागद.

"माय मम्स डॅड इज लाइक ॲफ्रोडायटी," वरदा म्हणाली. "ही केम आउट ऑफ द सी."

सगळे खूप हसले. मिरजेला समुद्र नाही. मिसेस ह्यूज माझ्याकडे वळून म्हणाल्या, "मम इथेच आहेत! तुमची आणि डॅडची भेट कशी झाली, सांगाल?"

मी उठले. आठवडाभर घोकलेलं खरं उत्तर तोंडात तयार होतं. वरदा दोन्ही हातांनी कागद छातीशी धरून माझ्याकडे बघत होती.

"थ्रू फॅमिली फ्रेंड्स," मी म्हणाले.

"लव्हली," मिसेस ह्यूज म्हणाल्या. वरदाचा जीव भांड्यात पडला. ती अशी गोड हसली, की मला तिचा राग आला, पद्माकरचा आला आणि सगळ्यात जास्त माझा आला.

रविवारी मिरजेहून बाबांचा फोन. पद्माकरने त्यांना प्रोजेक्टचं आधीच सांगितलं होतं, त्यामुळे आवाजात हौस मावत नव्हती. "काय गं, नातीने आमचं नाव कुठे घातलं?"

"सगळ्यात वर," मी म्हणाले.

"वा वा! आणि आमची ताई? माझ्या शेजारीच ना?"

वरदा सोफ्यावर होती. फोनमधला आवाज तिला ऐकू जात होता. तिने टीव्हीचा आवाज वाढवला. मी तिच्या हातातून रिमोट काढून घेतला आणि फोन दिला.

"आजोबा विचारतायत," मी म्हणाले. "तूच सांग."